बहस आणि मबाहिस

गेल्या रमजानमध्ये एका संध्याकाळी इफ्तारनंतर भाच्याने मोबाइल माझ्यापुढे धरला. पोरगा अकरावीला आहे, विज्ञान शाखेत. कुठल्याशा ग्रुपवर आलेला मेसेज होता: पृथ्वीवरची खंडं सरकतात हे अल-बिरुनीने हजार वर्षांपूर्वीच लिहून ठेवलं होतं, युरोपने ते चोरलं आणि आपल्याला सांगितलंच नाही. खाली 'पुढे पाठवा' वगैरे नेहमीचं.

"मामू, हे खरं आहे ना?" त्याने विचारलं. त्या 'ना'मध्ये उत्तर आधीच ठरलेलं होतं.

मी त्याला जे खरं आहे ते सांगितलं. अल-बिरुनीने हिंदुस्थानावरच्या आपल्या ग्रंथात एक विलक्षण निरीक्षण नोंदवलंय. डोंगराजवळ नदीतले दगड मोठे असतात, पुढे ते लहान गोटे होतात आणि मुखापाशी नुसती वाळू उरते. त्यावरून त्याने अनुमान काढलं की उत्तरेचं हे मैदान एके काळी समुद्र असावं आणि नद्यांच्या गाळाने ते भरत गेलं असावं. अकराव्या शतकातल्या माणसाने एवढं म्हणणं ही मोठी गोष्ट आहे. पण खंड सरकतं असं तो तिथे म्हणत नाही. गाळाने समुद्र भरणं वेगळं आणि आख्खी जमीन हजारो किलोमीटर जाणं वेगळं.

भाच्याचा चेहरा पडला. "म्हणजे यात आपलं काहीच नाही?"

हा प्रश्न मला आवडला नाही आणि टाळताही आला नाही. कारण त्याच्या वयात मीही हाच प्रश्न विचारायचो. अशा प्रश्नाला आपल्याकडे दोनच उत्तरं मिळतात. एक, सगळं आपलंच होतं. दोन, आपलं काहीच नव्हतं. दोन्ही उत्तरांना काही मोजावं लागत नाही, काही वाचावं लागत नाही. म्हणून त्या रात्री मी त्याला एका जहाजाची गोष्ट सांगितली. तीच इथे जरा सविस्तर लिहितो.

जहाजाचं नाव 'मबाहिस'. अरबी शब्द आहे, अर्थ शोध, तपास. आपण रोज वापरतो तो 'बहस' हा शब्द त्याच धातूतून आलाय. त्या धातूचा जुना अर्थ माती उकरणं, खणून शोधणं असा आहे. उर्दूत येता येता 'बहस' म्हणजे वादविवाद झाला, आणि चौकातल्या चहाच्या टपरीवर पोचेपर्यंत नुसता आरडाओरडा. उकरणं मागे पडलं, बोलणं राहिलं. खंड सरकतात की नाहीत या वादाची कहाणी मला नेमकी या दोन शब्दांमधली कहाणी वाटते. जवळजवळ पन्नास वर्षं बहस चालली. ती संपली ती मबाहिसने, म्हणजे समुद्राचा तळ उकरून पाहिल्याने.

वादाची सुरुवात १९१२ सालची. आल्फ्रेड वेगेनर हा जर्मन हवामानशास्त्रज्ञ. त्याने फ्रँकफर्टमध्ये भूवैज्ञानिकांपुढे मांडलं की आजची सगळी खंडं एके काळी एकत्र होती आणि नंतर दूर गेली. १९१५मध्ये त्याचं पुस्तक आलं. नकाशात दक्षिण अमेरिकेचा पूर्व किनारा आणि आफ्रिकेचा पश्चिम किनारा एकमेकांत बसतात हे त्याच्याआधीही अनेकांना दिसलं होतं. वेगेनरने त्यापुढे जाऊन पुरावे गोळा केले. मेसोसॉरस नावाच्या गोड्या पाण्यातल्या लहान सरपटणाऱ्या प्राण्याचे जीवाश्म ब्राझीलमध्येही सापडतात आणि दक्षिण आफ्रिकेतही. तो अटलांटिक पोहून गेला असेल काय? ग्लॉसोप्टेरिस या जिभेच्या आकाराच्या पानांच्या वनस्पतीचे ठसे भारत, आफ्रिका, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका एवढ्या ठिकाणी मिळतात. यातले भारतातले खडक आपल्या ओळखीचे आहेत. चंद्रपूर, वणीचा कोळसा ज्या खडकांत आहे, ते हेच. मध्य भारतातल्या गोंडांच्या मुलखावरून भूवैज्ञानिकांनी एकोणिसाव्या शतकात त्या खडकांना 'गोंडवन' नाव दिलं आणि पुढे दक्षिणेकडच्या त्या संपूर्ण प्राचीन महाखंडालाच गोंडवनलँड म्हटलं गेलं. ज्या गोंडांना आपण नकाशाच्या कडेला ढकललं, त्यांचं नाव अर्ध्या जगाच्या जुन्या नकाशावर बसलंय.

तरीही बहुतेक भूवैज्ञानिकांनी वेगेनरला मानलं नाही. हे लोक मूर्ख होते असं आज म्हणणं सोपं आहे, पण ते खरं नाही. त्यांचा प्रश्न रास्त होता: एवढी मोठी खंडं ढकलतं कोण? वेगेनरने पृथ्वीच्या फिरण्यातून येणारं बल आणि भरती-ओहोटीचं बल पुढे केलं. हॅरोल्ड जेफ्रीज या इंग्रज शास्त्रज्ञाने गणित करून दाखवलं की ही बलं त्या कामाला फारच दुबळी आहेत. जेफ्रीजचं हे गणित बरोबरच होतं. शिवाय ग्रीनलंड वर्षाला कित्येक मीटर सरकतंय असं वेगेनर मोजमापांच्या आधारे सांगत होता आणि ती मोजमापं सदोष होती. खरी गती सेंटिमीटरमध्ये निघाली. म्हणजे निष्कर्ष बरोबर, कारण चूक आणि आकडा चूक. अशा माणसाशी आपण कसं वागलो असतो?

१९२६मध्ये न्यूयॉर्कला या विषयावर मोठी परिषद भरली. तिथे अमेरिकन भूवैज्ञानिकांचा सूर बहुतांशी विरोधाचा होता. जीवाश्मांचं काय, असं विचारलं की उत्तर यायचं: खंडांमध्ये पूर्वी जमिनीचे पूल होते, ते बुडाले. पूल कुठे बुडाले? समुद्रात. समुद्राच्या तळाशी काय आहे? ते कुणालाच धड माहीत नव्हतं. सगळा वाद अशा जागेबद्दल होता जी दोन्ही बाजूंपैकी कुणी पाहिलेली नव्हती. १९३०च्या नोव्हेंबरमध्ये वेगेनर ग्रीनलंडच्या बर्फात मरण पावला. नुकतीच त्याने पन्नाशी गाठली होती. त्याच्यासोबतचा ग्रीनलंडर तरुण रास्मुस विलुमसेन याने त्याला बर्फात नीट पुरलं, खुणेला स्की रोवल्या आणि तो पुढे निघाला. विलुमसेनचा देह कधीच सापडला नाही.

समुद्राची खोली मोजणं म्हणजे काय हे मी लहानपणी आजोबांकडून ऐकलंय. आम्ही कोकणी मुसलमान, घरात दर पिढीला कुणी ना कुणी जहाजावर. आजोबा खलाशी होते. दोरीच्या टोकाला शिशाचं वजन बांधायचं, त्याच्या बुडाला चरबी लावायची आणि दोरी सोडायची. किती वाव दोरी गेली त्यावरून खोली कळते, आणि चरबीला वाळू चिकटून आली की चिखल यावरून तळ कळतो. बंदराजवळ हे ठीक. खोल समुद्रात एकेका मोजणीला काही तास जायचे. १८७२ ते १८७६ या काळात ब्रिटिश जहाज 'चॅलेंजर' जगभर फिरलं, तेव्हा एवढ्या वर्षांत त्याने जेमतेम पाचशे ठिकाणी खोली मोजली. पाचशे टिंबांवरून सगळ्या महासागरांचा तळ रंगवायचा, म्हणजे पाचशे माणसांना भेटून हिंदुस्थान कसा आहे ते सांगण्यासारखं.

पहिल्या महायुद्धानंतर प्रतिध्वनीचं यंत्र आलं. जहाजातून आवाज सोडायचा आणि तो तळावर आपटून परत येईपर्यंतचा वेळ मोजायचा. पाण्यात आवाज सेकंदाला साधारण १५०० मीटर जातो. चार सेकंदांनी प्रतिध्वनी आला तर खोली ३००० मीटर. आता जहाज चालत असतानाच एकामागून एक मोजण्या घेता येऊ लागल्या.

'चॅलेंजर'वर जॉन मरे नावाचा निसर्गशास्त्रज्ञ होता. १९१४मध्ये तो वारला. त्याने मागे ठेवलेल्या पैशातून हिंदी महासागराची मोहीम ठरली, पण जहाज नव्हतं. ते इजिप्तच्या सरकारने दिलं. 'मबाहिस' हे १९३०मध्ये इंग्लंडात बांधलेलं, सव्वाशे-दीडशे फुटांचं, समुद्री संशोधनासाठीचं छोटं जहाज. मोहिमेचा प्रमुख सेमूर सेवेल हा इंग्रज होता. त्याआधी तो कलकत्त्याच्या भारतीय प्राणिविज्ञान सर्वेक्षण संस्थेचा संचालक होता. कप्तानही इंग्रज. पण खलाशी इजिप्शियन होते, आणि शास्त्रज्ञांच्या तुकडीत दोन इजिप्शियन होते: अब्देल फत्ताह मोहम्मद आणि जहाजाचे डॉक्टर व जीवशास्त्रज्ञ हुसेन फौजी. सप्टेंबर १९३३मध्ये अलेक्झांड्रियाहून निघालेलं जहाज मे १९३४मध्ये परतलं.

या नऊ महिन्यांत त्यांनी आपला अरबी समुद्र उभा-आडवा मोजला. मधल्या खोलीच्या पाण्यात प्राणवायू जवळजवळ नाहीच, हे त्यांना दिसलं. अरबस्तानच्या किनाऱ्याजवळ काही ठिकाणी तळावरची जाळी जीवजंतूंविना वर आली. आपल्या विषयासाठी मात्र महत्त्वाची ती खोलीची मोजणी. अरबी समुद्राच्या तळाशी एक लांबलचक डोंगररांग आहे हे काही वर्षांपूर्वी 'डाना' या डॅनिश मोहिमेने दाखवलं होतं. त्या मोहिमेला पैसा देणाऱ्या कार्ल्सबर्ग प्रतिष्ठानचं नाव रांगेला मिळालं. हो, तीच बिअरवाली कंपनी. अरबी समुद्राच्या पोटात दारूभट्टीच्या नावाचा डोंगर आहे हे ऐकून भाचा पहिल्यांदा हसला.

'मबाहिस'ने त्या डोंगरावरून खोलीच्या रेषा काढल्या तेव्हा रांग एकसंध नाही असं दिसलं. माथ्यावर मधोमध खोल दरी, दोन्ही बाजूंना कडे. जणू भाकरी मधून फाटावी तशी. १९३७मध्ये सेवेल आणि वाइजमन यांनी अरबी समुद्राच्या तळावर लेख लिहिला. त्यात त्यांनी या दरीची तुलना पूर्व आफ्रिकेतल्या खचदरीशी केली, जिथे जमीन ताणली जाऊन मधला भाग खाली बसलाय.

इथे मी थांबलो तेव्हा भाचा म्हणाला, "म्हणजे त्यांना सापडलं होतं!"

सापडलं होतं आणि नव्हतंही. फट दिसली होती. पण ती फट म्हणजे समुद्राचा तळ दोन बाजूंना सरकत असल्याची खूण आहे, तिथे नवीन तळ तयार होतोय, हे त्यांना म्हणता आलं नाही. एका डोंगरावरच्या काही रेषांवरून कुणी एवढं म्हणावं तरी कसं? मग युद्ध आलं आणि ते लेख कपाटात राहिले.

दुसऱ्यांदा तीच फट एका बाईला दिसली. न्यूयॉर्कजवळच्या लामाँट वेधशाळेत मेरी थार्प नकाशे काढायची. स्त्री म्हणून तिला संशोधन जहाजावर जायची परवानगी नव्हती. पुरुष मोजणी करून आणायचे आणि ती टेबलापाशी बसून आकड्यांचे डोंगर उभे करायची. १९५२च्या सुमारास उत्तर अटलांटिकच्या सहा रेषा शेजारी शेजारी ठेवल्यावर तिला प्रत्येक रेषेत, डोंगराच्या माथ्यावर, इंग्रजी 'व्ही'सारखी खाच दिसली. तिचा सहकारी ब्रूस हीझेनने ते बायकी गप्पा म्हणून उडवून लावलं, कारण मान्य केलं असतं तर वेगेनरही मान्य करावा लागला असता. पुढे त्याच टेबलावर भूकंपांच्या केंद्रांचा नकाशा तयार होत होता. दोन्ही नकाशे एकमेकांवर ठेवले तर भूकंप नेमके त्या खाचेत. मग भूकंपांच्या ओळीचा माग काढत गेल्यावर ती फट सगळ्या महासागरांतून जाते असं दिसू लागलं. अरबी समुद्रातली 'मबाहिस'ची दरी त्या साखळीत आपोआप जाऊन बसली, आणि एडनच्या आखातातून पूर्व आफ्रिकेच्या खचदरीशी तिचं नातंही.

तरी बहस संपली नाही. फट आहे, पण ती काय करते? अमेरिकन भूवैज्ञानिक हॅरी हेसने १९६२मध्ये मांडलं की या फटीतून खालचा तप्त पदार्थ वर येतो, नवा तळ बनतो आणि दोन्हीकडे सरकतो. खंडं त्याच्यावर बसून जातात, समुद्राचा तळ फाडत जात नाहीत. वेगेनरला न सापडलेलं कारण असं समोर आलं. पण हेसने प्रामाणिकपणे आपल्या लेखाला भूगोलाची कविता म्हटलं, कारण पुरावा अजून हातात नव्हता.

तो पुरावा पुन्हा आपल्या समुद्रात मिळाला. १९६२मध्ये आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहिमेत ब्रिटिश जहाज 'ओवेन' कार्ल्सबर्ग रांगेवर गेलं. त्यावर केंब्रिजचा ड्रमंड मॅथ्यूज होता. त्याने रांगेच्या एका तुकड्यावरचं चुंबकत्व बारकाईने मोजलं. आकडे केंब्रिजला त्याच्या विद्यार्थ्याने, फ्रेड व्हाइनने, उलगडले. त्यामागचं तत्त्व साधं आहे. लाव्हा थंड होताना त्या वेळचं पृथ्वीचं चुंबकत्व त्यात गोठतं. पृथ्वीचं चुंबकत्व लाखो वर्षांच्या काळात अधूनमधून उलटं होतं. म्हणजे फटीतून नवा तळ सतत निघत असेल, तर दोन्ही बाजूंना सुलट-उलट चुंबकत्वाचे पट्टे असायला हवेत. डावीकडे जसे, उजवीकडे तसेच. सप्टेंबर १९६३मध्ये 'नेचर' नियतकालिकात त्यांचा लेख आला. कॅनडाच्या लॉरेन्स मोर्लीने हीच कल्पना स्वतंत्रपणे त्याच वर्षी पाठवली होती. दोन नियतकालिकांनी ती परत केली.

१९६६मध्ये पॅसिफिकमध्ये 'एल्टानिन' जहाजाच्या मोजणीत दोन्ही बाजूंचे पट्टे आरशातल्यासारखे जुळले. १९६८च्या अखेरीस 'ग्लोमार चॅलेंजर'ने दक्षिण अटलांटिकचा तळ भोकं पाडून तपासला. फटीपासून जितकं दूर जावं तितका तळ जुना. मग बोलण्यासारखं फारसं उरलं नाही.

आता हे सगळं आपल्यापासून किती लांब आहे? फार नाही. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनचा लाव्हा वाहत होता. त्याच सुमारास आपल्या पश्चिम किनाऱ्याला लागून असलेला एक तुकडा तुटला. तोच आजचा सेशेल्स, आता मुंबईपासून तीन हजार किलोमीटरवर. मधली जागा भरली ती कार्ल्सबर्ग रांगेतून निघालेल्या नव्या तळाने. ज्या किनाऱ्यावर आमचं घर आहे, तो या फुटण्यातूनच घडला. ती फट आजही उघडतेय, वर्षाला दोन-तीन सेंटिमीटर, साधारण नखं वाढतात त्या गतीने. आजोबा आयुष्यभर त्या रांगेवरून एडन-मोंबासाला गेले असतील. खाली काय आहे हे त्यांना कुणी सांगितलं नाही. आणि 'ओवेन' ज्या मोहिमेत होतं, तिच्यातूनच १ जानेवारी १९६६ला राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था स्थापन झाली. गोव्यात दोना पावलाला ती आजही उभी आहे.

मग यात आपलं काय? भाच्याला मी म्हटलं, हिशोब सरळ ठेवू. पैसा इंग्रजांचा, प्रमुख इंग्रज, निष्कर्षाचा मान दुसऱ्यांचा. 'मबाहिस'ने खंडांचं सरकणं सिद्ध केलं असा मेसेज उद्या तू पाठवलास, तर तोही बिरुनीच्या मेसेजइतकाच खोटा ठरेल. पण जहाज इजिप्तचं होतं, जाळी ओढणारे हात तिथल्या खलाशांचे होते, आणि दोन शास्त्रज्ञ त्या तुकडीत बरोबरीने काम करत होते. हुसेन फौजींनी परत येऊन त्या सफरीवर अरबीत पुस्तक लिहिलं, 'आधुनिक सिंदबाद' अशा अर्थाच्या नावाचं. जुन्या सिंदबादला समुद्रात बेटाएवढा मासा भेटला होता. या सिंदबादच्या जहाजाने समुद्रातून आकडे आणले. माझ्या मते अभिमान बाळगायचाच तर तो या बदलाचा बाळगावा. बिरुनीचाही बाळगावा, पण तो पृथ्वीबद्दल सगळं बोलून गेला म्हणून नव्हे. तो नदीकाठी थांबला, दगड पाहिले, त्यांचा आकार नोंदवला आणि दगडांनी जेवढं सांगितलं तेवढंच म्हणाला, म्हणून.

थार्पला हसणारा हीझेन, मोर्लीला परत पाठवणारे संपादक, वेगेनरला नाकारणारे प्राध्यापक, हे सगळे शिकलेले लोक होते. बहसमध्ये ते जिंकतच होते. मोजणीपुढे मात्र त्यांना हरावं लागलं, आणि त्यातल्या बऱ्याच जणांनी ती हार उघडपणे मान्य केली. कोण कुठल्या धर्माचा, कुठल्या देशाचा, हे समुद्राच्या तळाने विचारलं नाही. आपल्या घरांत, आपल्या जमातीत हार मान्य करण्याची ही सवय आहे का? मेसेज खोटा निघाला तर "सॉरी, चुकलं" असं त्याच ग्रुपवर लिहिणारा कुणी मी अजून पाहिलेला नाही.

पाहिलेला नव्हता, असं म्हणायला हवं. तरावीहहून परतल्यावर भाच्याने मोबाइल दाखवला. ग्रुपवर त्याने लिहिलं होतं: 'वरचा मेसेज बरोबर नाही. बिरुनीने गाळाबद्दल लिहिलं होतं.' खाली दोघांनी त्याला झापलं होतं. एकाने विचारलं होतं, गाळाबद्दल काय लिहिलं होतं?

"आता याला काय सांगू?" त्याने विचारलं.

मी म्हटलं, "दगडांपासून सुरुवात कर."